डब्याचे टोक कसे तपासावे: हेडस्टॉक, बफर आणि कपलिंग

रेल्वेच्या कॅरेज अँड वॅगन विभागात नव्याने रुजू झालेल्या प्रशिक्षणार्थीला पिट लाईनवर, म्हणजे डबे खालून तपासण्यासाठी खड्डा असलेल्या रूळावर, पहिल्यांदा चाके, ब्रेक आणि स्प्रिंग दाखवल्या जातात, आणि डब्याच्या टोकाकडे तो बहुधा कपलिंग लागले की सुटले एवढेच पाहायला शिकतो. प्रत्यक्षात गाडीतला प्रत्येक ओढा आणि प्रत्येक रेटा डब्यात शिरतो तो टोकातून, आणि टोकातूनच पुढच्या डब्यात जातो. म्हणून टोकावरचे भाग सुटेसुटे तपासण्यापेक्षा जोर ज्या वाटेने जातो त्या वाटेने तपासावे, म्हणजे बफर किंवा कपलिंगपासून सुरुवात करून हेडस्टॉक, म्हणजे टोकाची आडवी पेटीवजा तुळई, आणि तिथून आत बॉडी बोल्स्टरपर्यंत, म्हणजे डबा ज्या आडव्या तुळईने बोगीवर (चाकांच्या गाड्यावर) टेकतो तिथपर्यंत, जावे. पुढील विवेचन मुख्यतः भारतीय ब्रॉडगेजवरील आयसीएफ (जुने, इंटिग्रल कोच फॅक्टरीचे) आणि एलएचबी (नवे, जर्मन आराखड्याचे) या दोन प्रकारच्या प्रवासी डब्यांसाठी आहे. मालडब्यांचा उल्लेख जेथे फरक समजून घेणे आवश्यक आहे तेथेच केला आहे.

जोर कोठून कोठे जातो

पेरांबूरच्या इंटिग्रल कोच फॅक्टरीत 1955 पासून स्विस आराखड्यावर तयार होऊ लागलेल्या आणि जानेवारी 2018 मध्ये ज्याचे तेथील उत्पादन थांबले त्या आयसीएफ डब्यात ओढण्याचे काम मध्यभागी असलेला हुक करतो आणि रेटा सोसण्याचे काम दोन बाजूंचे दोन बफर करतात. दोन बफरांच्या मध्यबिंदूंमधील अंतर 1956 मिलिमीटर असते, म्हणजे प्रत्येक बफर डब्याच्या मध्यरेषेपासून 978 मिलिमीटरवर येतो. डब्याची रुंदी मात्र 3245 मिलिमीटर असल्यामुळे कडेचा सोलबार, म्हणजे डब्याच्या लांबीभर जाणारी बाजूची तुळई, मध्यरेषेपासून सुमारे दीड मीटरहून अधिक लांब असतो. याचा अर्थ असा, की बफरच्या नेमके मागे सोलबार येत नाही. बफरवर आलेला रेटा आधी हेडस्टॉकला स्वतःच्या वाकण्याच्या ताकदीवर पेलावा लागतो आणि मग तो आतल्या तुळयांमार्फत बोल्स्टरकडे, सोलबारकडे आणि लांबीच्या दिशेने पन्हळी घातलेल्या ट्रफ फ्लोअरकडे वाटला जातो. आयसीएफ डब्याचा हेडस्टॉक म्हणूनच खऱ्या अर्थाने भार वाहणारा भाग आहे, आणि त्यातले गंजणे किंवा वाकणे ही केवळ दिसण्याची बाब नव्हे.

एलएचबी डब्यात आणि मालडब्यात चित्र उलटे आहे. तेथे ओढा आणि रेटा दोन्ही मध्यभागी असलेल्या सेंटर बफर कपलरमधून, ज्याला सगळे सीबीसी म्हणतात त्यातून, जातात. मालडब्यात हा जोर योक (कपलरला मागे धरणारी चौकट) आणि ड्राफ्ट गिअर (धक्का शोषणारा संच) यांमार्गे थेट सेंटर सिलमध्ये, म्हणजे मधल्या लांब तुळईत, उतरतो, त्यामुळे हेडस्टॉकच्या दोन बाहूंवर चालत्या गाडीत फारसा भार येतच नाही. मालडब्याचा हेडस्टॉक वाकलेला दिसला तर सहसा त्याला चालत्या गाडीने नव्हे, तर सायडिंगमध्ये लोडरने किंवा दोराने बाजूने ढकलण्या-ओढण्याच्या प्रकाराने वाकवलेले असते, हे लक्षात ठेवले की दोष कोणाच्या दारात शोधायचा ते कळते.

सपाट मैदानात हा फरक पुस्तकी वाटू शकतो. घाटात तसा वाटत नाही. पुण्याकडे जाणाऱ्या गाडीला कर्जतला मागून बँकर इंजिने लागतात आणि लोणावळ्यापर्यंतचा 37 ला 1 असा चढ ती गाडीला मागून ढकलत पार करतात. नाशिककडे जाणाऱ्या गाडीला हीच मदत कसाऱ्याला मिळते. अशा वेळी शेवटच्या डब्याच्या मागच्या हेडस्टॉकवर काही किलोमीटरभर सलग रेटा असतो आणि तोच डबा पुढच्या टोकाने आपल्या पुढच्यांना रेटत असतो. घाटातून नियमित जाणाऱ्या रेकच्या (जोडलेल्या डब्यांच्या पूर्ण संचाच्या) दोन्ही टोकांच्या डब्यांकडे इतर डब्यांपेक्षा अधिक वेळ द्यावा, असे माझे स्पष्ट मत आहे.

हात घालण्याआधी

दोन डब्यांच्या मध्ये किंवा डब्याखाली जाण्यापूर्वी गाडीच्या दोन्ही टोकांना दिवसा लाल झेंडी आणि रात्री लाल दिवा लागला आहे, चाकांना अटकाव आहे आणि संबंधित कर्मचाऱ्याला आपण आत असल्याचे ठाऊक आहे, याची खात्री स्वतः करून घ्यावी. दुसऱ्याने सांगितले म्हणून गृहीत धरू नये. इंजिन जवळ येत असताना, अगदी दहा पावलांवर असले तरी, मध्ये उभे राहू नये. इंजिन पूर्ण थांबल्यावर आणि चालकाशी संकेतांची देवाणघेवाण झाल्यावरच आत जावे. नोव्हेंबर 2024 मध्ये बिहारमधील बरौनी जंक्शनवर इंजिन आणि डबा यांच्यामध्ये सापडून एका शंटिंग कर्मचाऱ्याचा मृत्यू झाला. दोन टोकांमधली ती जागा किती झपाट्याने नाहीशी होते याचा याहून कठोर पुरावा शोधण्याची गरज नाही. एलएचबी रेकमध्ये याखेरीज आणखी एक धोका असतो. पॉवर कारमधून (वीज तयार करणाऱ्या डब्यातून) येणारी 750 व्होल्टची वीज दोन डब्यांच्या टोकांमधल्या विजेच्या कपलरमधून पुढे जाते, त्यामुळे पुरवठा बंद असल्याची खातरजमा झाल्याशिवाय त्या जोडण्यांना हात लावू नये.

बफरची उंची मोजणे

ब्रॉडगेजवर रूळाच्या माथ्यापासून बफरच्या मध्यबिंदूपर्यंतची उंची रिकाम्या डब्यात जास्तीत जास्त 1105 मिलिमीटर आणि भरलेल्या डब्यात कमीत कमी 1030 मिलिमीटर असावी लागते. सीबीसीच्या मध्यरेषेलाही याच मर्यादा लागू आहेत. ही मोजणी सरळ आणि सपाट रूळावरच करावी. वळणावर एक रूळ मुद्दाम उंच ठेवलेला असतो आणि तेथे घेतलेला आकडा निरर्थक ठरतो. दोन्ही रूळांच्या माथ्यांवर एक सरळ पट्टी आडवी ठेवावी, बफरच्या तोंडावर मध्यबिंदूची खडूने खूण करावी आणि पट्टीपासून त्या खुणेपर्यंत लंबात मोजावे. चारही बफरांची मोजणी करून मगच निष्कर्ष काढावा.

आकडा कमी आला की लगेच स्प्रिंगला दोष देण्याची सवय अनेकांना असते. आधी चाकाचा व्यास पाहावा. आयसीएफ डब्याचे नवे चाक 915 मिलिमीटर व्यासाचे असते आणि ते झिजल्यावर व टर्निंग (लेथवर कातून आकार देणे) झाल्यावर जेवढा व्यास कमी होतो त्याच्या निम्म्याने डबा खाली येतो. हे खालावणे भरून काढण्यासाठी ॲक्सलबॉक्सवरच्या (ॲक्सलच्या टोकाचे बेअरिंग धरणाऱ्या पेटीवरच्या) खालच्या स्प्रिंग सीटखाली पॅकिंग रिंग घालतात: चाक 889 मिलिमीटरला आले की 13 मिलिमीटरची, 863 ला 26 ची, 839 ला 38 ची आणि 819 ला 48 ची. समजा, एका डब्याची चाके 870 मिलिमीटरची आहेत आणि 13 ची रिंग बसवलेली आहे. नव्या चाकाच्या तुलनेत डबा साडेबावीस मिलिमीटर खाली आला आणि रिंगने तेरा मिलिमीटर वर उचलला गेला. म्हणजे वरच्या मर्यादेपासून हिशेब मांडला तर रिकाम्या डब्यात सुमारे 1095 हा आकडा अपेक्षित आहे. मोजणीत 1070 आले, तर उरलेले पंचवीस मिलिमीटर चाकाने खाल्लेले नाहीत, आणि खरा शोध तेथून पुढे सुरू होतो.

या शोधाची रीत सोपी असली तरी क्रमाने करावी लागते. एकाच टोकाचे दोन्ही बफर सारखे खाली असतील, तर त्या टोकाच्या बोगीच्या स्प्रिंग, रिंग आणि चाके पाहावीत. एकच बफर खाली असेल, तर त्या बाजूच्या हेडस्टॉकच्या वरच्या कडेची रूळापासूनची उंची मोजावी आणि दुसऱ्या बाजूशी ताडून पाहावी. हेडस्टॉकही त्याच बाजूला खाली असेल तर दोष बोगीत किंवा हेडस्टॉक झुकण्यात आहे. हेडस्टॉक दोन्हीकडे सारखा असून केवळ बफरचे तोंड खाली असेल, तर बफरचे केसिंग (बाहेरचे स्थिर कवच) धरणारे बोल्ट ढिले झाले आहेत किंवा केसिंगच्या आत प्लंजर (मागेपुढे सरकणारा दांडा) झिजून पुढे झुकला आहे. हे ओळखण्यासाठी बफरची उंची तोंडाशी आणि केसिंगच्या बुडाशी अशी दोन ठिकाणी घ्यावी. दोहोंतला फरक प्लंजर किती खाली झुकला आहे ते थेट सांगतो. या एका जादा मोजमापाला दोन मिनिटे लागतात, आणि चांगल्या स्प्रिंग विनाकारण बदलल्या जाण्याचे टळते.

उंचीचा इतका आग्रह का, याचे कारण अपघाताच्या वेळी दिसते. समोरासमोरचे दोन हेडस्टॉक एकाच पातळीवर असले तर धक्का दोन्ही तळचौकटींमध्ये सरळ जातो आणि त्या तो सोसू शकतात. एक हेडस्टॉक दुसऱ्याच्या वर चढला, की पुढे त्याला अडवणारे काही मजबूत उरत नाही. वरचा पत्र्याचा साचा कापत तो आत शिरतो आणि दुर्बिणीच्या नळ्यांसारखे डबे एकमेकांत जातात. ऑगस्ट 1999 मध्ये गैसाल येथे दोन गाड्यांची समोरासमोर टक्कर झाली, तेव्हा हा प्रकार भीषण प्रमाणात घडला. एलएचबी डब्यांत बसवलेल्या एच टाईप टाइटलॉक सीबीसीचे महत्त्व येथेच आहे: त्याची दोन तोंडे एकमेकांत अशी अडकतात की एक डबा दुसऱ्यापेक्षा वर उचलला जाण्यास विरोध होतो. हा विरोध किती टिकतो ते धक्क्याच्या जोरावर अवलंबून असते.

बफर आणि हुक

आयसीएफ डब्यात हेडस्टॉकपासून बफरचे तोंड किती पुढे आले आहे तेही मोजावे. ते जास्तीत जास्त 635 आणि कमीत कमी 584 मिलिमीटर असायला हवे. त्याहून आत गेलेला बफर मेलेला आहे, म्हणजे आतले रबरी पॅड बसले आहेत आणि धक्का आता पॅडऐवजी लोखंडावर जातो आहे. एकाच टोकाचा एक बफर जिवंत आणि दुसरा मेलेला असेल तर हेडस्टॉकवर पिळाचा भार येतो, आणि वळणावर, जेथे आतल्या बाजूचे बफर मुळातच अधिक दाबले जातात, तो आणखी वाढतो. बफरच्या तोंडावर एका बाजूलाच चकाकी आलेली दिसली तर दोन डब्यांची तोंडे समोरासमोर येत नाहीत, असे समजावे. थोडे ग्रीस फासून ही खूण झाकण्याचा मोह टाळावा.

स्क्रू कपलिंग लावताना त्याच्या दांड्याचे एकीकडे डावे आणि दुसरीकडे उजवे आटे असल्याने लिव्हर एका दिशेने फिरवला की दोन्ही बाजू एकाच वेळी जवळ येतात. बफरांची तोंडे एकमेकांना टेकून किंचित दाबली जाईपर्यंत ते आवळावे. सैल राहिलेल्या कपलिंगमुळे गाडी निघताना आणि थांबताना प्रत्येक डब्याचा वेगळा झटका बसतो, आणि तो प्रवाशांच्या चहापेक्षा हुकला अधिक महागात पडतो. हुकच्या गळ्याशी, जेथे वाकण सुरू होते त्या आतल्या बाजूस, ब्रशने माती काढून तडा आहे का ते पाहावे. हुक हाताने हलवून पाहावा. तो मोकळेपणाने मागेपुढे होत असेल तर हेडस्टॉकमागचे ड्राफ्ट पॅड (ओढ्याचा झटका शोषणारे रबर) निकामी झाले आहेत.

सीबीसीची तपासणी डोळ्यांपेक्षा गेजने करावी, कारण नकलची, म्हणजे कपलरच्या फिरत्या बोटाची, झीज नजरेने नेहमी कमी वाटते. कपलर जोडल्यावर लॉक पूर्ण खाली बसले आहे की नाही ते खालच्या टेलटेल छिद्रातून (लॉकची स्थिती दाखवणाऱ्या छिद्रातून) पाहावे, ऑपरेटिंग हँडल आपल्या जागी परत येऊन अडकले आहे याची खात्री करावी आणि मग इंजिनाने हलका ओढा देऊन जोड टिकतो हे पाहूनच काम झाले असे म्हणावे. आवाज आला म्हणजे लॉक लागले, असे मानण्याची चूक पिट लाईनवर वारंवार होते. कपलरचे डोके खाली झुकलेले दिसले तर डबा खाली आला आहे की कपलरला खालून आधार देणारी स्प्रिंग बसली आहे हे, बफरच्या बाबतीत सांगितले त्याच पद्धतीने, हेडस्टॉकची उंची घेऊन वेगळे करावे.

कपलिंगच्या शेजारी हेडस्टॉकवर आलेले दोन हवेचे पाईप याच फेरीत पाहावेत. हिरवा ब्रेक पाईपचा, त्यात चौरस सेंटिमीटरला 5 किलो दाब. पांढरा फीड पाईपचा, त्यात 6 किलो. होज पाईप वळणावर ताणला जाणार नाही आणि खाली रूळाला लागणार नाही, एवढेच येथे महत्त्वाचे आहे.

हेडस्टॉक आणि त्यामागची जागा

आयसीएफ डब्याची शौचालये टोकांना, म्हणजे नेमकी हेडस्टॉक आणि बोल्स्टर यांच्यामधल्या भागावर आहेत. त्यामुळे अनेक दशके पाणी आणि मैला याच जागेत झिरपत राहिला, आणि हेडस्टॉक, सोलबारचे टोक आणि शौचालयाखालचा ट्रफ फ्लोअर हे गंजाचे ठरलेले मुक्काम बनले. बायो टॉयलेट आल्यावर बाहेर पडणारा मैला थांबला, तरी फरशीच्या सांध्यांतून पाणी खाली उतरणे थांबलेले नाही. एलएचबीचा ट्रफ फ्लोअर स्टेनलेस स्टीलचा असल्याने तेथे हा प्रश्न पुष्कळ कमी झाला आहे.

तपासताना ताज्या रंगावर विश्वास ठेवू नये. खालून दिवा धरून वेल्डच्या कडेने तपकिरी ओघळ दिसतो का ते पाहावे. वेल्डच्या कडेला केसाएवढी रेष आणि तिच्यातून उतरलेला गंजाचा ओघळ ही तड्याची सर्वांत प्रामाणिक खूण आहे. नंतर चिपिंग हॅमरने हलके ठोकत जावे. धड पत्रा खणखणीत वाजतो. आतून थर सुटलेला पत्रा बद्द आवाज करतो, आणि पापुद्रा निघाला तर तो निघू द्यावा, पुन्हा दाबून बसवू नये. शंका असेल तेथे जाडी अल्ट्रासॉनिक गेजने मोजावी. पाणी निघून जाण्यासाठी ठेवलेली छिद्रे चिखलाने बुजलेली असतील तर ती मोकळी करावीत. हे काम कोणी सांगत नाही, पण वर्षभराचे गंजणे त्याने वाचते.

हेडस्टॉक वाकला आहे का हे पाहण्यासाठी फार साहित्य लागत नाही. त्याच्या दर्शनी पृष्ठभागावर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत दोन सारख्या ठोकळ्यांवर दोरा ताणून बांधावा आणि मध्ये तसेच बफरांच्या आतल्या बाजूंना दोऱ्यापासून पृष्ठभागाचे अंतर मोजावे. मध्ये अंतर कमी आले तर हुकने हेडस्टॉक बाहेर ओढला आहे. बफरांपाशी वाढले तर रेट्याने तो आत गेला आहे. दोन्ही दोष पिट लाईनवर दुरुस्त होणारे नाहीत. जॅक लावून किंवा तापवून तो सरळ करण्याचा प्रयत्न डेपोत करू नये. धड दिसणारा पण आतून मऊ पडलेला हेडस्टॉक वाकलेल्यापेक्षा धोकादायक असतो. खराब भाग कापून नवा जोडण्याचे काम माटुंगा किंवा लोअर परळसारख्या कारखान्यात, जिगवर (भाग अचूक जागी धरणाऱ्या साच्यावर) आणि ठरलेल्या वेल्डिंग पद्धतीनेच व्हायला हवे.

हेडस्टॉकच्या वर एंड वॉलचे उभे खांब येतात. त्यांच्या तळाचा हेडस्टॉकशी असलेला जोड पाहावा, कारण टकरीत छताकडे चढू पाहणाऱ्या शेजारच्या डब्याला अडवण्याची शेवटची जबाबदारी त्यांची असते. वेस्टिब्यूलचे (दोन डब्यांमधल्या झाकलेल्या वाटेचे) रबर फाटले असेल तर पाऊस आत येतो आणि पुन्हा हेडस्टॉकवरच उतरतो. त्या वाटेत पायाखाली असणाऱ्या फॉल प्लेटची बिजागरी आणि पिन मात्र प्रवाशांच्या पायाच्या दृष्टीने तपासावीत.

नोंद

दोष लिहिताना ‘हेडस्टॉक खराब’ असे लिहिणे निरुपयोगी आहे. डब्याच्या दोन टोकांपैकी ज्या टोकाला साखळी ओढल्यावर चालणारे अलार्मचे यंत्र असते त्याला पीईएएसडी आणि दुसऱ्याला एनपीईएएसडी म्हणतात. कोणते टोक, कोणती बाजू, मोजलेली उंची, त्या वेळी डबा रिकामा होता की भरलेला, चाकाचा व्यास आणि बसवलेली रिंग, एवढे एका ओळीत लिहावे. उंची मर्यादेबाहेर असेल, बफर मेलेला असेल, हुकला किंवा हेडस्टॉकच्या वेल्डला तडा असेल, तर डबा गाडीत ठेवण्याबद्दल चर्चा करू नये. त्याला सिकचे (नादुरुस्त असल्याचे) लेबल लावून सिक लाईनला, म्हणजे दुरुस्तीच्या रूळावर, काढावे. रेकची सुटण्याची वेळ जवळ आली आहे, हे सांगायला येणारे पुष्कळ असतात. त्यांना रजिस्टरमधला आकडा दाखवावा आणि हा डबा गाडीत ठेवायचाच असेल तर त्या आकड्यासमोर सही करावी, असे सांगावे.